विश्लेषण : योद्ध्याचा संतापही मोजून-मापून? ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’मधील ‘रेज’ला मर्यादा कशासाठी?

‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळातला ‘बार्बेरियन’ म्हणजे रानदांडगा योद्धा. तो चिडला की त्याचे घाव अधिक जोराने बसतात आणि शत्रूचे वार त्याला निम्मेच लागतात. पण सुरुवातीच्या पातळीवर असे चिडणे त्याला दिवसातून दोनदाच परवडते. तिसऱ्यांदा कितीही डिवचले तरी नियमपुस्तिका परवानगी देत नाही. नवख्या खेळाडूला हे खटकतेच. राग काय घड्याळ लावून आणि हिशेब ठेवून येतो का? या मर्यादा नेमक्या कोणत्या, त्या कुठून आल्या, २०२४ च्या नियमांत काय बदलले आणि एवढे करून खेळाच्या टेबलावर ही मर्यादा प्रत्यक्षात कोण ठरवते, याचा आढावा.

हा खेळ खेळतात कसा?

चार-पाच जण टेबलाभोवती बसतात. त्यांच्यातला एक जण ‘डंजन मास्टर’ होतो. तोच गोष्ट सांगणारा, शत्रूंची बाजू खेळणारा आणि पंचही. बाकीचे एकेक पात्र घेतात : कुणी जादूगार, कुणी चोर, कुणी धर्मयोद्धा, कुणी बार्बेरियन. पात्राने काय करायचे ते खेळाडू सांगतो. ते जमले की फसले, हे बहुतेक वेळा वीस बाजूंच्या फाशावर ठरते. पात्राला ‘हिट पॉइंट’ असतात. ते शून्यावर आले की पात्र कोसळते. अनुभव वाढतो तशी पात्राची पातळी एकपासून वीसपर्यंत चढत जाते. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी रचलेला हा खेळ १९७४ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झाला. तो आता ‘हॅस्ब्रो’च्या मालकीच्या ‘विझार्ड्स ऑफ द कोस्ट’ या कंपनीकडे आहे. आपल्याकडे अनेकांना त्याची ओळख झाली ती नेटफ्लिक्सवरील ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ या मालिकेतून किंवा २०२३ मध्ये आलेल्या ‘बाल्डर्स गेट ३’ या संगणकीय खेळातून. प्राइम व्हिडीओवरच्या ‘द लिजंड ऑफ व्हॉक्स मशीना’मधला धिप्पाड ग्रॉग पाहिला असेल, तर बार्बेरियन कसा असतो हे वेगळे सांगायला नको.

‘रेज’मधून मिळते काय?

‘रेज’ म्हणजे लढताना योद्ध्याच्या अंगात येणारा त्वेष. २०१४ च्या पाचव्या आवृत्तीनुसार रेज सुरू केला की तीन फायदे होतात. पहिला, ताकदीच्या जोरावर केलेल्या प्रत्येक जवळच्या वारात दोन गुणांचे जादा नुकसान. नवव्या पातळीवर हे तीन होते आणि सोळाव्या पातळीवर चार. दुसरा, ताकदीची कसोटी असेल तिथे दोन फासे टाकून मोठा आकडा घेण्याची सवलत. दार फोडायचे असेल किंवा शत्रूला लोळवायचे असेल, तर ती कामी येते. तिसरा फायदा सर्वात मोलाचा. कापणाऱ्या, भोसकणाऱ्या आणि ठेचणाऱ्या शस्त्रांचे नुकसान निम्मे होते. तलवार, भाला, गदा, नखे, दात हे सगळे यात आले.

हा फरक आकड्यांत पाहू. तिसऱ्या पातळीवरच्या एका बऱ्यापैकी काटक बार्बेरियनकडे ३५ हिट पॉइंट आहेत, असे धरा. समोर ‘ओगर’ नावाचा महाकाय शत्रू आहे आणि त्याच्या सोट्याचा एक तडाखा सरासरी १३ गुणांचा आहे. रेज नसेल तर तिसऱ्या तडाख्याला बार्बेरियन आडवा होतो. रेज असेल तर प्रत्येक तडाख्यातले सहाच गुण लागतात, कारण निम्मे करताना अपूर्णांक सोडून देतात. मग त्याला पाडायला सहा तडाखे लागतात. म्हणजे रेज असताना तो दुप्पट टिकतो. मारण्यातली वाढ मात्र तुलनेने कमी असते. मोठ्या कुऱ्हाडीचा सरासरी साडेनऊचा घाव साडेअकराचा होतो. रेजकडे बरेच जण मारण्याची शक्ती म्हणून पाहतात, पण हिशेब केला तर ती आधी मार खाण्याची शक्ती आहे. शत्रूंनी जादूगाराऐवजी बार्बेरियनला मारत राहावे, अशी या पात्राची रचनाच आहे.

मग मर्यादा कोणत्या?

त्या चार प्रकारच्या आहेत. पहिली संख्येची. २०१४ च्या नियमांत पहिल्या आणि दुसऱ्या पातळीवर दोन रेज मिळतात, तिसऱ्यापासून तीन, सहाव्यापासून चार, बाराव्यापासून पाच आणि सतराव्यापासून सहा. विसाव्या पातळीवर बंधनच उरत नाही. वापरलेले रेज परत मिळतात ते आठ तासांच्या दीर्घ विश्रांतीनंतर, आणि अशी विश्रांती चोवीस तासांत एकदाच घेता येते.

दुसरी मर्यादा वेळेची. एक रेज एक मिनिट टिकतो. खेळातली लढाईची एक फेरी सहा सेकंदांची धरतात. म्हणजे एका रेजमध्ये दहा फेऱ्या होतात. बहुतेक चकमकी त्याआधीच संपतात, त्यामुळे ही मर्यादा सहसा जाचत नाही.

तिसरी मर्यादा अटीची आणि तीच सर्वाधिक बोचरी. गेल्या पाळीपासून बार्बेरियनने एकाही शत्रूवर हल्ला केलेला नसेल आणि त्याला इजाही झालेली नसेल, तर त्याची पाळी संपताच रेज विझतो. शत्रू पळाला, कड्यावर चढून बसला किंवा अदृश्य झाला की चिडलेला योद्धा हात चोळत राहतो. बेशुद्ध पडला तरी रेज संपतो.

चौथी मर्यादा मनाईची. रेजमध्ये मंत्र टाकता येत नाही आणि ज्यावर सतत लक्ष ठेवावे लागते असा आधी टाकलेला मंत्रही टिकवता येत नाही. जड चिलखत घातलेले असेल तर रेजचे फायदे मिळत नाहीत.

शिवाय निम्मे नुकसान होते ते शस्त्रांचेच. जादूगाराचा आगीचा गोळा, विष, वीज किंवा मनावरचा हल्ला यांचे नुकसान संतापामुळे कमी होत नाही. मन ताब्यात घेणाऱ्या मंत्रांपुढे तर हा पहिलवान बरेचदा दुबळाच ठरतो. अंग जखडून टाकणारा एक मंत्र त्याला बसला, की हातातली कुऱ्हाड हातातच राहते.

या कल्पनेचे मूळ कुठे?

मूळ आहे उत्तर युरोपातील नॉर्स लोकांच्या ‘बर्सर्कर’ योद्ध्यांच्या कथांत. या शब्दाचा अर्थ ‘अस्वलाचे कातडे पांघरलेला’ की ‘चिलखताविना उघडा लढणारा’, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. तेराव्या शतकातील आइसलँडिक गाथांत हे योद्धे ओदिन देवाचे सैनिक म्हणून येतात. ते ढालीच्या कडा चावतात, चिलखताशिवाय लढतात आणि त्यांच्यावर शस्त्र चालत नाही, असे वर्णन आढळते. स्कॉटलंडच्या लुईस बेटावर १८३१ मध्ये सापडलेल्या बुद्धिबळाच्या सोंगट्या बाराव्या शतकातल्या आहेत. वॉलरसच्या दातांत कोरलेल्या त्या सोंगट्यांमधले काही पहारेकरी ढालीची कड चावताना दिसतात.

रेजच्या मर्यादांशी थेट जुळणारी एक गोष्टही या गाथांत आहे. ‘एगिलची गाथा’ सांगते, की त्वेष अंगात असेपर्यंत या माणसांसमोर कुणाचा टिकाव लागत नाही, पण तो ओसरला की ती नेहमीपेक्षाही अशक्त होतात. गाथेतला म्हातारा क्वेल्डुल्फ अशाच एका लढाईनंतर अंथरूण धरतो आणि पुढे मरण पावतो. संतापाची किंमत नंतर शरीराला चुकवावी लागते, ही कल्पना खेळाच्या नियमकर्त्यांनी शोधलेली नाही. ती किमान सातशे वर्षे जुनी आहे.

सुरुवातीच्या बार्बेरियनला रेज होता का?

नव्हता. १९७४ च्या मूळ पुस्तिकांत बर्सर्कर हे शत्रूंच्या यादीत होते. साध्या माणसांवर हल्ला करताना त्यांच्या फाशात दोन मिळवायचे, एवढीच त्यांची उग्रता. खेळाडूने घ्यायचे पात्र म्हणून गायगॅक्स यांनी बार्बेरियन मांडला तो ‘ड्रॅगन’ मासिकाच्या जुलै १९८२ च्या ६३ व्या अंकात. पुढे १९८५ च्या ‘अनअर्थ्ड आर्काना’ या पुस्तकात त्याला जागा मिळाली. या बार्बेरियनचे वेगळेपण त्याच्या जादूद्वेषात होते. जादूच्या वस्तू त्याला सुरुवातीला वर्ज्य होत्या, जादूगारांच्या संगतीतही तो अवघडायचा, आणि पातळी वाढेल तशी ही बंधने हळूहळू सैल व्हायची.

मर्यादा तेव्हाही होती, पण ती सोबत्यांना जाचायची. जादूच्या आधाराने चालणाऱ्या खेळात जादू नाकारणारा एक गडी टोळीत असला, की साध्या प्रवासावरूनही वाद होणार. संताप हीच बार्बेरियनची ओळख बनली ती २००० साली आलेल्या तिसऱ्या आवृत्तीत.

तिसऱ्या आवृत्तीतला रेज जीवघेणा का होता?

२००० ची आवृत्ती आणि तिची २००३ ची सुधारित आवृत्ती यांत रेजचे गणित वेगळे होते. चिडल्यावर ताकद आणि काटकपणा प्रत्येकी चार गुणांनी वाढे, मनोबलाच्या कसोटीत दोन गुण मिळत, पण बचाव दोन गुणांनी ढासळे. पहिल्या पातळीवर दिवसातून एकच रेज मिळे आणि पुढे दर चार पातळ्यांना एकेक वाढत विसाव्या पातळीवर सहा होत. एका चकमकीत रेज एकदाच वापरता येई. तो संपला की त्या चकमकीपुरता थकवा येई. ताकद आणि चपळाई दोन-दोन गुणांनी घटे आणि धावता येत नसे. २००३ च्या सुधारित आवृत्तीत पुढे सतराव्या पातळीवर या थकव्यातून सुटका होई.

खरा धोका हिट पॉइंटमध्ये दडलेला होता. काटकपणा वाढला की प्रत्येक पातळीमागे दोन हिट पॉइंट तात्पुरते वाढत. दहाव्या पातळीच्या योद्ध्याला असे वीस मिळत. पण रेज संपताच ते वीसच्या वीस वजा होत. समजा लढाई जिंकली, शत्रू संपले आणि बार्बेरियनकडे आठ हिट पॉइंट शिल्लक आहेत. रेज ओसरला की आठातून वीस गेले आणि तो उणे बारावर आला. त्या आवृत्तीत उणे दहाला मृत्यू होता. म्हणजे शेवटचा शत्रू पडल्यावर, कुणीही हात न लावता, नायक जागीच गतप्राण. रेजच्या उरलेल्या दोन-तीन फेऱ्यांत वैद्यकी करणाऱ्या सोबत्याने धावत येऊन जखमा भरल्या तरच तो वाचायचा. गाथांतल्या क्वेल्डुल्फच्या इतका जवळ जाणारा नियम या खेळात पुन्हा आला नाही. खेळाडूंना तो रोमांचक वाटायचा आणि तितकाच अन्यायकारकही.

दिवसाऐवजी फेऱ्या मोजल्या तर?

हा प्रयोग ‘पायझो’ या कंपनीने २००९ च्या ‘पाथफाइंडर’मध्ये केला. हा खेळ तिसऱ्या आवृत्तीच्या नियमांवर बेतलेला आहे. त्यात रेज किती वेळा हे न मोजता दिवसभरात एकूण किती फेऱ्या हे मोजतात. मूळ चार, त्यात काटकपणाचा गुण मिळवायचा आणि पुढच्या प्रत्येक पातळीला दोन. काटकपणाचा गुण तीन असेल तर पहिल्या पातळीवर सात फेऱ्या मिळतात, पाचव्या पातळीवर पंधरा. गरज संपली की खेळाडू स्वतःहून रेज थांबवू शकतो आणि उरलेल्या फेऱ्या शिल्लक राहतात. मात्र जितक्या फेऱ्या चिडला त्याच्या दुप्पट फेऱ्या थकवा येतो आणि थकलेला असताना पुन्हा चिडता येत नाही. नळाखाली बादली भरण्याऐवजी पाण्याचे मीटर बसवावे, तसा हा प्रकार. वाया काही जात नाही, पण दर फेरीला कागदावर खूण करावी लागते.

‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ची चौथी आवृत्ती मात्र वेगळ्या वाटेने गेली. २००९ मध्ये तिच्या ‘प्लेअर्स हँडबुक २’मध्ये आलेल्या बार्बेरियनला वेगवेगळ्या नावांचे, वेगवेगळ्या परिणामांचे रेज मिळाले. प्रत्येक रेज दिवसातून एकदाच वापरायचा, पण एकदा सुरू झाला की तो चकमक संपेपर्यंत टिकणार.

‘पाथफाइंडर’च्या २०१९ च्या दुसऱ्या आवृत्तीने तर दिवसाची मोजणीच काढून टाकली. रेज एक मिनिट टिकतो, संपल्यावर एक मिनिट थांबायचे, की पुन्हा तयार. बदल्यात चिडलेला असताना बचाव एका गुणाने कमी केला होता. २०२४ च्या सुधारित नियमांत ती वजाबाकीही गेली. म्हणजे दिवसाची मर्यादा हा या कल्पनेचा अविभाज्य भाग नाही. ती एका खेळाने केलेली निवड आहे.

थकव्याचा नियम पाचव्या आवृत्तीत उरला का?

साध्या रेजला नाही, पण ‘बर्सर्कर’ या उपप्रकाराला उरला होता. २०१४ च्या नियमांत हा मार्ग निवडणाऱ्याला तिसऱ्या पातळीवर ‘फ्रेन्झी’ म्हणजे उन्मादाची शक्ती मिळते. त्या रेजमध्ये पुढच्या प्रत्येक पाळीला एक जादा वार करता येतो, पण रेज संपला की थकव्याची एक पायरी चढते. या थकव्याच्या सहा पायऱ्या आहेत. पहिलीत अंगभूत गुणांच्या सर्व कसोट्यांत दोन फाशांतला लहान आकडा घ्यावा लागतो, दुसरीत चालण्याचा वेग निम्मा होतो, तिसरीत प्रत्येक हल्ल्यालाही लहान आकड्याची शिक्षा लागते. चौथीत हिट पॉइंटची कमाल मर्यादा निम्मी होते, पाचवीत हालचाल थांबते आणि सहावीत मृत्यू.

एका दीर्घ विश्रांतीने एकच पायरी उतरते. एका दिवसात तीनदा उन्माद वापरला, तर पूर्ण सावरायला तीन रात्री हव्यात, आणि तोवर ज्या हल्ल्यासाठी हे सगळे केले तोच लंगडा पडलेला असतो. त्यामुळे अनेक खेळाडू दिवसातून एकदाच, तेही शेवटच्या लढाईत ही शक्ती काढत. शेजारी ‘टोटेम वॉरियर’चा अस्वलाचा पर्याय होता. त्यात मानसिक हल्ला सोडून सगळ्याच प्रकारचे नुकसान निम्मे होते आणि त्याची काहीच किंमत द्यावी लागत नाही. मग बर्सर्कर कोण घेणार? मर्यादा फार कडक झाली, की खेळाडू ती पाळत बसत नाही. ती शक्ती वापरणेच तो सोडून देतो.

२०२४ च्या नियमांनी काय बदलले?

सप्टेंबर २०२४ मध्ये ‘प्लेअर्स हँडबुक’ची सुधारित आवृत्ती आली. तिच्यात रेजचे चार मोठे बदल आहेत. एक, तासाभराच्या छोट्या विश्रांतीनंतरही एक रेज परत मिळतो. पूर्वी यासाठी रात्र उलटावी लागत असे. दोन, रेज टिकवण्याची अट सैल झाली. शत्रूवर हल्ला केला किंवा त्याला बचावाचा फासा टाकायला लावला तर रेज पुढे चालू राहतो. तसे काही जमले नाही, तरी पाळीतली एक छोटी कृती, म्हणजे ‘बोनस अ‍ॅक्शन’, खर्चून तो धगधगता ठेवता येतो. अशा प्रकारे एक रेज दहा मिनिटांपर्यंत लांबवता येतो. शत्रूमागे गल्लीबोळांतून धावताना तो विझत नाही.

तीन, बर्सर्करच्या उन्मादातून थकवा पूर्णपणे गेला. आता बेभान होऊन केलेल्या हल्ल्यात पहिल्या यशस्वी घावाला काही जादा फासे मिळतात. चार, तिसऱ्या पातळीपासून चिडलेल्या अवस्थेत दबा धरणे, माग काढणे, आजूबाजूचा अंदाज घेणे अशा काही कामांतही ताकदीचा गुण वापरता येतो. म्हणजे रेज लढाईबाहेरही उपयोगी झाला. मात्र त्यासाठी मोजके रेज खर्चावे लागतातच.

सगळे सैल झाले, असे मात्र नाही. विसाव्या पातळीवरचे अमर्याद रेज गेले. कमाल संख्या आता सहाच आहे. त्याऐवजी पंधराव्या पातळीपासून लढाईच्या सुरुवातीला सगळे रेज एकदम भरून घेण्याची सोय दीर्घ विश्रांतीपर्यंत एकदाच मिळते. आणि अंग जखडणाऱ्या मंत्राने योद्धा निष्क्रिय झाला की रेज लगेच संपतो. पूर्वी अशा वेळी शत्रूने केलेल्या इजेमुळे तो टिकून राहू शकत होता.

खरी मर्यादा कोण ठरवते?

कागदावर तीन रेज लिहिलेले असतात, पण ते पुरतील की नाही हे दोन विश्रांतींमध्ये किती लढाया होतात यावर ठरते. तो निर्णय मुख्यतः डंजन मास्टरच्या हातात असतो. २०१४ च्या ‘डंजन मास्टर्स गाइड’मध्ये असा अंदाज दिला आहे, की साधारण टोळी एका दिवसात मध्यम किंवा कठीण स्वरूपाच्या सहा ते आठ चकमकी पेलू शकते. या हिशेबाने तीन रेज म्हणजे फार तर निम्म्या लढायांना पुरेल एवढा साठा. प्रत्येक वेळी विचार करावा लागेल : समोरचे चार चिल्लर चोर रेज खर्चण्याच्या लायकीचे आहेत का?

पण शनिवारी रात्री तीन-चार तास जमणारी मित्रमंडळी एका बैठकीत एक-दोन लढायाच खेळतात आणि गोष्टीतला दिवसही अनेकदा तिथेच संपतो. मग तीन रेज आणि दोन लढाया. मर्यादा असूनही तिचा उपयोग शून्य. बार्बेरियन कायम चिडलेलाच. जादूगारही आपले सगळे जालीम मंत्र एकाच लढाईत ओततो. यात तोटा होतो तो चोरासारख्या पात्रांचा. त्याच्या नेम साधून मारलेल्या घावाला दिवसाची मोजणी नाही. लांबलचक दिवसात बाकीचे दमतात तेव्हा चोर चमकतो. एका लढाईच्या दिवसात त्याची ही जमेची बाजू दिसतच नाही.

उलट टोकाचे डंजन मास्टरही असतात. विश्रांतीला बसले की दर वेळी शत्रू आणून उभे करणारे. तिथे दुसऱ्या पातळीचा बार्बेरियन दोन लढायांनंतर उरलेली संध्याकाळ साधा कुऱ्हाडधारी म्हणून काढतो. तो अगदीच निकामी होत नाही. उघड्या अंगाने लढण्यातला बचाव आणि बेभान हल्ला या शक्तींना दिवसाची मोजणी नाही. पण बेभान हल्ल्यात शत्रूलाही आपल्यावर नेम साधणे सोपे जाते, आणि नुकसान निम्मे करणारा रेज नसेल तर तो सौदा महागात पडतो. पात्र घेतले ते चिडण्यासाठी आणि चिडताच येत नाही, ही तक्रार बहुतेक वेळा अशा टेबलावरची असते. तिचा रोख नियमावर असतो, पण दुखणे असते दिवसाच्या आखणीत. छोट्या विश्रांतीला एक रेज परत देण्याचा २०२४ चा नियम नेमका इथे उपयोगी पडतो. दिवस लांबला तरी हाती अगदी शून्य राहत नाही.

संगणकीय खेळांत हे गणित उलटे का?

‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या २००४ च्या खेळातला योद्धा लढाईत उतरतो तेव्हा त्याच्या संतापाची पट्टी रिकामी असते. तो मारतो, मार खातो तशी ती भरते आणि भरलेला संताप खर्चून तो मोठे हल्ले करतो. लढाई थांबली की पट्टी आपोआप ओसरते. रागाचा स्वभाव पाहता हे अधिक पटणारे वाटते. मग टेबलावर तसे का नाही? कारण संगणक दर सेकंदाला हिशेब ठेवतो आणि माणसाला तो कंटाळवाणा होतो. पाच खेळाडू, सहा शत्रू, सगळ्यांचे हिट पॉइंट सांभाळताना आणखी एक चढती-उतरती पट्टी नकोशी होते. तीन चौकोन काढले आणि वापरला की एक खोडला, हे कुणालाही जमते. शिवाय आपोआप भरणाऱ्या पट्टीत ‘आता की नंतर’ हा निर्णय तितका जड राहत नाही. टेबलावरच्या खेळाची रंगत बरीचशी त्या निर्णयातच आहे. शेवटचा रेज राखून ठेवला आणि तो न वापरताच सोबती गमावला, किंवा पहिल्याच चकमकीत उडवला आणि ड्रॅगनसमोर रिकाम्या हाताने उभे राहावे लागले, अशा प्रसंगांच्या आठवणी खेळाडू वर्षानुवर्षे सांगतात.

नव्या बार्बेरियनने काय ध्यानात ठेवावे?

पहिली गोष्ट, खेळ सुरू होण्याआधीच डंजन मास्टरला विचारावे, की कोणत्या वर्षीचे नियम वापरणार आणि दोन विश्रांतींमध्ये साधारण किती लढाया अपेक्षित आहेत. या दोन उत्तरांवर रेज जपायचा की उधळायचा हे ठरते. दुसरी, रेज लढाईच्या पहिल्या पाळीत काढला तरच त्याचा पुरेपूर उपयोग होतो. निम्मे हिट पॉइंट गेल्यावर चिडून फायदा निम्माच. त्यामुळे ‘या लढाईत चिडायचे की नाही’ हे आधीच ठरवावे आणि ठरले की थांबू नये. तिसरी, कमरेला दोन-चार फेकायचे भाले ठेवावेत. शत्रू आवाक्याबाहेर असला, तरी भाला फेकणे हा हल्लाच असतो. नेम चुकला तरी रेज टिकतो. २०१४ च्या नियमांत फेकलेल्या भाल्याला रेजचे जादा नुकसान मिळत नाही. २०२४ च्या नियमांत ताकदीने फेकलेल्या शस्त्रालाही ते मिळते.

चौथी, मनावर चालणाऱ्या जादूसाठी सोबत्यांवर विसंबावे. रेजमध्ये स्वतः मंत्र टिकवता येत नसला, तरी दुसऱ्याने आपल्यावर टाकलेला आणि त्यानेच लक्ष ठेवून टिकवलेला मंत्र चालतो. वेग वाढवणाऱ्या मंत्राचा योग्य धनी बरेचदा बार्बेरियनच असतो. नियम वाचायला पैसेही मोजावे लागत नाहीत. २०१४ च्या नियमांचा गाभा जानेवारी २०२३ पासून क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली मोफत खुला आहे आणि २०२५ मध्ये नव्या नियमांचा गाभाही तसाच खुला झाला. रेजचा नियम त्यात पानभराचाही नाही. तो एकदा नीट वाचला, की डंजन मास्टरशी होणारे निम्मे वाद टळतात.